चिठ्ठीशिवाय आलेलं माप

खटपट्याने त्या दिवशी, दुपारच्या जेवणाच्या जरा आधी, अर्ध्या गावाची तोंडं एका झटक्यात बंद केली. वर ती बंद होत असताना संगीतही वाजत होतं.

तोंडं म्हणजे अगदी हाडामांसाची नव्हेत. त्याची थोरली बहीण दातांची लॅब चालवायची. डॉक्टर दात काढतात, जागा साफ करतात, माप घेतात. पण त्या जागी जो नवा दात येऊन बसतो, तो कुणीतरी कुठेतरी मान मोडून घडवलेला असतो. त्या गावात तो बहुतेक वेळा ताईने घडवलेला असायचा. वर्षानुवर्षं तिच्याकडे आलेली सगळी तोंडं संगणकात जपून ठेवलेली होती. त्या दिवशी पडद्यावर त्यांच्या नावांना एकामागून एक अगम्य अक्षरांची शेपटी फुटत गेली, आणि शेपटी फुटलेलं तोंड काही केल्या उघडेना. खटपट्या माऊस हातात धरून नुसता बघत राहिला. त्याची स्वतःची दातखीळ बसली होती.

आतल्या खोलीतून ताईचा आवाज आला, "गाणं कसलं लावलंयस?"

"गाणं नाही ताई," खटपट्या म्हणाला. "सॉफ्टवेअर आहे."

ताई आत प्लास्टर कालवत होती. कालवलेलं प्लास्टर कुणासाठी थांबत नाही, त्यामुळे ती लगेच बाहेर आली नाही. खटपट्याला तेवढाच श्वास मिळाला, आणि तो त्याने घाबरण्यात घालवला.

ताईबद्दल सांगायचं तर पहिली गोष्ट ही, की तिला माणसं चेहऱ्याने लक्षातच राहत नसत. रस्त्यात कुणी नमस्कार केला, तर ती त्याच्याकडे कोऱ्या नजरेने बघत उभी राहायची. तो ओशाळून हसला, की लगेच म्हणायची, "अरे, तुम्ही होय. वरचा डावा सुळा." समोरचा हसत असेपर्यंत ती टक लावून बघायची. लोकांना वाटायचं, बाईंना काय जिव्हाळा आहे. जिव्हाळा होताच, पण तो ओठांच्या आतला होता. हसतील त्याचे दात दिसतील ही म्हण लोक टोमणा म्हणून वापरतात. ताईचा तर तो उद्योगच होता.

शाळेत असताना ती टाचणीने खडू कोरायची. बाकीच्या मुली खडूचे हत्ती, घोडे, बदकं करत. ताईने एकदा आजोबांची पडलेली दाढ समोर ठेवून हुबेहूब खडूची दाढ केली आणि ती बाईंच्या टेबलावर ठेवली. बाईंनी ती खरी समजून पालकांना बोलावणं धाडलं. पुढे ती एका लॅबमध्ये शिकायला लागली आणि मग तिने स्वतःची काढली: चपलांच्या दुकानावरच्या दोन खोल्या. आतली खोली प्लास्टरची, सदा पांढरी. बाहेरची संगणकाची आणि दात कोरणाऱ्या यंत्राची, सदा गुणगुणती. खाली लोकांच्या पायांची मापं घेतली जायची, वर तोंडांची यायची.

लॅबमध्ये ताईचे दोनच कायदे होते. पहिला असा, की डॉक्टरकडून आलेल्या प्रत्येक मापासोबत चिठ्ठी हवी: कुठल्या डॉक्टरने पाठवलं आणि कुणाचं आहे. मग ते माप जंतुनाशकाच्या पाण्यात बुडायचं आणि त्यानंतरच आत यायचं. एकदा एका बड्या डॉक्टरांचा माणूस चिठ्ठीशिवाय माप घेऊन आला आणि म्हणाला, "आपल्याच डॉक्टरांचं आहे हो, घ्या." ताईने ते जिन्याच्या कठड्यावर ठेवायला लावलं. "कुणाचं तोंड आहे ते कळल्याशिवाय मी त्यात हात घालत नाही," असं तिने त्याला शांतपणे सांगितलं, आणि ते माप संध्याकाळपर्यंत कठड्यावर आ वासून बसलं होतं.

दुसरा कायदा जोडीचा. मापात प्लास्टर ओतायचं ते दोनदा. एक साचा कामाचा, त्याला कापा, घासा, काही करा. दुसरा न शिवायचा. कामाचा बिघडला तर तो आहे.

खटपट्या तिचा धाकटा भाऊ. हे नाव त्याला आईने दिलं होतं, भिंतीवरचं घड्याळ त्याने उघडलं आणि परत लावताना तीन चाकं उरली त्या दिवशी. नोकरीतून लवकर मोकळा झाल्यावर तो ताईच्या मदतीला म्हणून लॅबमध्ये यायला लागला. नसती उठाठेव हा त्याचा दोष म्हणावा तर तोच त्याचा गुणही होता. दात कोरणारं यंत्र रुसलं की त्याच्याच हाताने मार्गावर यायचं, आणि वाकलेल्या फळ्यांवरचे जुने साचे स्कॅन करून संगणकात ठेवायची कल्पनाही त्याचीच. प्लास्टरची सगळी तोंडं भंगारात गेली तेव्हा ताई दोन दिवस कुणाशी बोलली नव्हती. मग तिने एकच अट घातली: "जोडी पाहिजे." म्हणून एक बाहेरची हार्ड डिस्क आली. खटपट्याने संगणकातली तोंडं तिच्यावर उतरवायची आणि ताईने दर शनिवारी ती काढून घरी न्यायची. अलीकडे मात्र ताई सोमवारी डिस्क घेऊन आली की तो ती जोडायचा आणि आठवडाभर तशीच जोडून ठेवायचा. रोज कोण काढा-घाला करतो.

आता त्या दिवशी तो संगणकावर काय करत होता, ते.

बसस्थानकावर गाड्यांची घोषणा करणाऱ्या बाई जिन्यावरून पडल्या होत्या आणि त्यांचे पुढचे दोन दात गेले होते. त्यांचा आवाज सगळ्या गावाला पाठ. पोरं खेळताना त्यांची नक्कल करायची. पण इतकी वर्षं त्या हंगामी होत्या. आता दोनच दिवसांनी कायम नेमणुकीची चाचणी होती, माइकसमोर उभं राहून वाचून दाखवायची. आणि पुढचे दात गेल्यापासून 'सहा'पासून 'साठ'पर्यंत 'स'च्या प्रत्येक आकड्यातून शीळ निघत होती. बाई स्वतःच म्हणाल्या, "मी 'सव्वासातची' म्हटलं की कंडक्टरची शिट्टी समजून ड्रायव्हर गाडी सोडतात."

नवे दात बसले तरी जिभेला त्यांची ओळख व्हायला वेळ लागतो. जिभेला जुनाच आकार मिळाला तर मात्र ती घरच्यासारखी वावरते. आणि बाईंचा जुना आकार ताईकडे होता, कारण बाई झोपेत दात खायच्या म्हणून फार पूर्वी ताईने त्यांना रात्री घालायची पट्टी करून दिली होती. उजवा दात जरासा डावीकडे झुकलेला, त्याच्या कोपऱ्याला बारीक टवका. ताईला चेहरा आठवत नव्हता. टवका आठवत होता.

ते जुनं तोंड संगणकातून काढून ठेव, असं तिने सकाळी खटपट्याला सांगितलं होतं. फक्त ते उघडत नव्हतं. 'ही फाइल जुन्या आवृत्तीची आहे' एवढंच म्हणून प्रोग्राम मख्खपणे बसायचा. नवी आवृत्ती महिन्यापूर्वी खटपट्यानेच चढवली होती, ताईला न विचारता. त्यामुळे ताईला काही विचारायची त्याची छाती नव्हती. कंपनीच्या साइटवर जायचं तर पासवर्ड लागणार, पासवर्ड ताईकडे, आणि तो मागितला की ती विचारणार, "का?" म्हणून मग त्याने बाहेर शोधलं आणि त्याला एक पॅच सापडला. छोटंसं अवजार, प्रोग्रामला मधूनच टाका घालून जुनं-नवं सगळं उघडायला लावणारं. 'आधी अँटिव्हायरस बंद करा, मग सगळी परवानगी द्या' असं त्यावर लिहिलं होतं. आज्ञाधारक मुलासारखं त्याने दोन्ही केलं. एक चिमुकली खिडकी उघडली, तिच्यातून खेळण्यातल्या पियानोसारखं संगीत वाजायला लागलं, आणि पुढचं तुम्हाला माहीत आहे.

ताई बाहेर आली ती कोपरापर्यंत पांढरी होऊन. तिने पडदा बघितला. शेवटची काही नावं अजून धडपणे दिसत होती, तीही तिच्यादेखत बदलली. मग पडद्यावर एक चिठ्ठी उमटली: तोंडं परत हवी असतील तर अमुक इतके पैसे तमुक ठिकाणी.

"तार काढ," ताई म्हणाली.

"कुठली?"

"इंटरनेटची. भिंतीतली."

खटपट्या हलेना, तेव्हा तिनेच ती ओढून काढली. मग शांतपणे विचारलं, "काय चालवलंस?"

त्याने सांगितलं. सांगताना मध्येच त्याला डिस्क आठवली. सोमवारी सकाळी त्याने स्वतःच्या हाताने जोडली होती. म्हणजे संगणकाला जे झालं तेच तिलाही. कामाचा साचाही गेला आणि न शिवायचाही. त्याच्या डोळ्यांपुढे घोषणावाल्या बाई उभ्या राहिल्या, माइकसमोर, ओठ घट्ट मिटून. यंत्रामागे डिस्क ठेवायचा छोटा कट्टा होता. तिकडे बघायचा त्याला धीर होईना. परीक्षेचा निकाल लागलेला मुलगा जसा फळ्याकडे पाठ करून उभा राहतो, तसा तो उभा राहिला.

"तिकडे का बघत नाहीस?" ताईने विचारलं.

"डिस्क," तो कसाबसा म्हणाला. "जोडलेली होती."

ताईने हात फडक्याला पुसले. खुंटीवरची जेवणाची पिशवी काढली. डबा बाहेर काढला, पाण्याची बाटली काढली, आणि तळातून रुमालात गुंडाळलेली हार्ड डिस्क काढून टेबलावर ठेवली.

खटपट्याने तेव्हा कुठे मागे वळून बघितलं. कट्ट्यावर नुसती वायर लोंबत होती, तिच्या टोकाला काही नव्हतं. तो खुर्चीत मटकन बसला.

"कधी काढलीस?"

"सकाळी. तू चहा आणायला गेलास तेव्हा."

"का पण? आज शनिवार नाही."

"प्लास्टर घट्ट होतंय," ताई म्हणाली आणि आत गेली.

संगणक दुरुस्त करणारा बोलावला. तो आला, बसला, आणि डॉक्टर दुखणाऱ्या दाढेवर टिचकी मारतात तसं त्याने खटपट्याला एकेक विचारायला सुरुवात केली.

"अँटिव्हायरस बंद केला होतात?"

"त्यात लिहिलंच होतं, बंद करा म्हणून."

"काका, घरफोड्या म्हणाला आधी कुत्रा बांधा, आणि तुम्ही बांधलात."

"खाली कितीतरी लोकांनी लिहिलं होतं, उत्तम चालतं, धन्यवाद."

"सगळ्यांचं एकच वाक्य?"

"शब्दन् शब्द तेच," खटपट्या म्हणाला. "पण मनापासून लिहिल्यासारखं वाटत होतं."

ताई दारात उभी होती. "त्याच्यावर नाव कुणाचं होतं?"

"नाव असं नव्हतं. कवटीचं चित्र होतं."

"दात कसे होते?"

दुरुस्तीवाल्याने हसू दाबलं. खटपट्याने खाली बघितलं. दात चांगले होते, हे त्याने सांगितलं नाही.

दुरुस्तीवाल्याचं म्हणणं थोडक्यात असं, की पडद्यावरच्या चिठ्ठीला उत्तर द्यायचं नाही. पैसे दिले तरी तोंडं परत येतील याचा भरवसा नाही, आणि देणारा आहे हे कळलं की पुन्हा येतील. हा संगणक पूर्ण पुसून नव्याने उभा करायचा. नुसता अँटिव्हायरस फिरवून भागणार नाही, कारण आत आणखी काय काय लपून बसलंय कुणास ठाऊक. बँकेचे, मेलचे सगळे पासवर्ड आजच बदलायचे, आणि तेही दुसऱ्या यंत्रावरून. डिस्क या संगणकाच्या जवळसुद्धा आणायची नाही. हे ऐकून ताईने डिस्क पुन्हा रुमालात गुंडाळली आणि पिशवीत, डब्याखाली ठेवली.

"पण जुन्या फाइल उघडायच्या कशा?" खटपट्याने विचारलं. "अडचण तर तीच होती."

"कंपनीला विचारलंत का?"

खटपट्या माऊसची वायर सरळ करायला लागला. ताईने त्याच्याकडे बघितलं, जसं ती भराव निघालेल्या दाढेकडे बघायची. मग तिने मोबाइल उचलला, प्रोग्राम घेतानाच्या कागदावरचा नंबर लावला आणि आवाज मोठा ठेवला.

पलीकडे एक मुलगी बोलली, अगदी गोड. "त्यासाठी वेगळा कन्व्हर्टर आहे ना, मॅडम, जुनी फाइल नव्यात बदलून देणारा. आमच्याच साइटवर, तुमच्या खात्यात. नवी आवृत्ती आली त्याच दिवसापासून ठेवलाय. नवी आवृत्ती चढवताना सूचना आली असेल बघा."

ताई खटपट्याकडे बघत म्हणाली, "आली असेल."

"जुना पासवर्ड बदलायचा असेल तर मोबाइलवर नवा पाठवते."

पासवर्ड आला तो चहा उकळायच्या आत. म्हणजे ज्या कामासाठी खटपट्या परक्याच्या दारात कटोरा घेऊन उभा राहिला, ते स्वतःच्याच घरात महिनाभर पडून होतं. फक्त बहिणीला विचारायला हवं होतं. हे त्याला मेलेल्या तोंडांपेक्षाही जास्त लागलं, पण लागलं म्हणावं तर त्यातसुद्धा सुटल्यासारखं वाटत होतं. नवी आवृत्ती चढवल्याचं आता लपवायला नको. ताईला सगळं कळलं होतं आणि आकाश कोसळलं नव्हतं. ताईला चुका लपवलेल्या आवडत नसत; दातात राहिलेली कीड जशी, वरून कॅप कितीही चकचकीत बसवा.

ताईच्या घरचा लॅपटॉप आला. दुरुस्तीवाल्याने तो आधी नीट तपासून घेतला आणि सगळ्यांत पहिल्यांदा डिस्कची दुसरी प्रत काढली. "जोडी," ताई समाधानाने म्हणाली. मग त्यावर प्रोग्राम आणि कन्व्हर्टर उतरवले, कंपनीच्या साइटवरून, कंपनीच्या नावाचे. तिघंही पडद्यासमोर बसली. खटपट्याने हात मांडीखाली दाबून धरले होते, चुकून कशाला लागू नयेत म्हणून.

पडद्यावर करड्या रंगाचं एक तोंड हळूहळू उमटलं. खालची रांग आली, मग वरची. पुढचे दोन दात. उजवा जरासा डावीकडे झुकलेला. कोपऱ्याला टवका.

"आल्या बाई," ताई म्हणाली. जुन्या मैत्रिणीला दारात बघून माणूस जसं आधी नुसतं बघत राहतं, तसं ती त्या दातांकडे बघत राहिली.

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत संगणक नव्याने उभा राहिला आणि यंत्र गुणगुणायला लागलं. बाईंच्या डॉक्टरांनी पाठवलेलं नवं माप चिठ्ठीसकट कधीच आलं होतं आणि पाण्यात बुडून बाहेरही निघालं होतं. त्यावर जुना आकार बसवून दोन दात कोरून निघाले. पण यंत्र कितीही शहाणं असलं तरी त्याला टवका म्हणजे दोष वाटतो. त्याने तो भरून टाकला होता. ताईने भिंग लावलं, बारीक चाक हातात घेतलं आणि तो टवका परत पाडला. खटपट्या शेजारी दिवा धरून उभा होता. त्याने हात हलू दिला नाही. त्या आठवड्यातलं त्याचं ते सगळ्यांत चोख काम.

संध्याकाळी डॉक्टरांकडे दात बसवून बाई थेट लॅबमध्ये आल्या. जिना चढून धापा टाकत होत्या. खटपट्याने खुर्ची पुढे केली, ती त्यांनी नाकारली. चाचणी उभ्यानेच द्यायची होती ना. दाराच्या चौकटीत उभ्या राहिल्या, घसा साफ केला, आणि सगळ्या गावाला पाठ असलेल्या त्या आवाजात म्हणाल्या:

"प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावे. साडेसहाची गाडी सहा क्रमांकाच्या फलाटावरून, सुटण्याच्या वेळेस, सुटेल."

शीळ नाही. कुठेच नाही. खालच्या दुकानात चपला बघणाऱ्या एका बाईने मात्र घड्याळाकडे बघून पिशवी उचलली.

"माझेच आहेत," बाई जिभेने दात चाचपत म्हणाल्या. "ताई, हे माझेच आहेत हो. तो टवकासुद्धा." आणि हसता हसता त्यांचे डोळे भरले. ताईने त्यांच्या डोळ्यांकडे बघितलं नाही. ती थोडी वाकून दातांकडे बघत होती. मग म्हणाली, "रात्रीची पट्टी नवी करून देते. उद्या चाचणी झाली की या. आज दात खाऊ नका कुणावर."

"उद्या झाल्यावर खाईन," बाई म्हणाल्या आणि पाठमोऱ्या होऊनही हसतच जिना उतरल्या. खटपट्याने गॅलरीतून बघितलं. रस्त्यावर त्या भेटेल त्याच्याशी बोलत चालल्या होत्या, ओठांवर हात न ठेवता.

खटपट्याने मग केर काढला, प्लास्टरच्या खोलीतलासुद्धा, कुणी न सांगता. छातीवरचा धोंडा उतरल्यावर माणसाला कामाची हौस येते. डिस्क त्याने स्वतः काढली, रुमालात गुंडाळली आणि ताईच्या पिशवीत ठेवली. ताई बेसिनवर हात धूत होती. नखांतलं पांढरं काही निघत नव्हतं.

"ताई, एक खरं सांग," तो म्हणाला. "तू डिस्क शनिवारशिवाय कधी काढत नाहीस. मग त्याच दिवशी सकाळी कशी काय काढलीस? तुला आतून काही वाटलं होतं का?"

ताईने नळ बंद केला.

"तू संगणकावर बसणार होतास."